कोयनेच्या पलीकडच्या काठावर चार दिवस

शुक्रवार

साताऱ्यातून उजाडताना निघालो. मी, भाचा आणि त्याची जीप. यवतेश्वरचा घाट चढून कासवर आलो तर सगळा सडा काळाठिक्कर पडलेला. भादव्यात इथे फुलं बघायला रांगा लागतात, २०१२ पासून पश्चिम घाटाच्या जागतिक वारशात कासचं नाव आहे. वैशाखात मात्र कातळ, वारा आणि मधूनच एखादी टिटवी. थांबलो नाही. उतरून बामणोलीला आलो, जीप ओळखीच्या अंगणात लावली आणि धक्क्यावर जाऊन बसलो.

तेहतीस वर्षं मी परिचारिका होते. वॉर्डात डोंगरातून पेशंट यायचे ते कपाळाला अंगारा, दंडाला काळा दोरा, कधी उशाखाली लिंबू घेऊन. आणि बहुतेक वेळा उशिरा यायचे. मी नातेवाइकांवर ओरडायचे, "इतका वेळ कुठं होतात?" ते खाली मान घालून उभे राहायचे. उत्तर कुणीच द्यायचं नाही. यंदा निवृत्त झाले आणि ठरवलं, ते इतका वेळ कुठं असतात ते जाऊन बघायचं.

दुसरं एक कारण होतं. माझी आत्या याच पाण्याच्या पलीकडे दिली होती. धरणात गाव बुडालं तेव्हा निम्मी माणसं देशावर गेली, निम्मी तिथंच वर सरकून राहिली. आत्याचं सासर वर सरकलेल्यांतलं. १९७६ साली गौरी-गणपतीला मी तिच्याकडे होते, नऊ वर्षांची. एकाच घोंगडीवर झोपलो होतो. मध्यरात्र उलटल्यावर ती उठून बसली, पोटात दुखतंय म्हणाली. मग तिच्या पापण्या उघडेनात. कंदिलाच्या उजेडात ती बोटांनी पापणी वर धरून माझ्याकडे बघत होती, हे मला आजही जसंच्या तसं दिसतं. आवाज नाकातून यायला लागला, शब्द फुटेनात. घरातल्यांनी ओळखलं, आसरांचं, म्हणजे पाण्यातल्या देवतांचं, झालं. देवरुषाला आणलं. लिंबं कापली, धूप घातला, नाव विचारलं. कोंबडा आरवायच्या आधी ती गेली. साडेतीन तासांत.

नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला सर्पदंशाचं प्रकरण शिकवलं, तेव्हा मी वर्गातून उठून बाहेर आले. मण्यार. रात्री जमिनीवर झोपलेल्या माणसाला चावते, दात इतके बारीक की खूण सापडत नाही, दुखतही नाही. आधी पोटात कळ, मग पापण्या गळतात, जीभ जड होते, शेवटी श्वास घेणारे स्नायू थकतात. बघणाऱ्याला वाटतं, आत कुणीतरी दुसरंच शिरलंय. त्या दिवसापासून त्या देवरुषावर माझा राग होता.

लाँच दहाला सुटली. मेमध्ये शिवसागर, कोयना धरणाचा जलाशय, खूप खाली जातो, काठाला चहूबाजूंनी लाल मातीचा उघडा पट्टा दिसतो. त्यात जुने बांध, खोडांचे बुंधे, देवळाचा एखादा चौथरा. बोटीत मुंबईहून जत्रेला आलेले चाकरमानी, त्यांची बाचकी, एक शेळी, पत्र्याची ट्रंक. लाँच एका चौथऱ्यापाशी आली तसा एका आजोबांनी उभं राहून हात जोडला. मग सगळ्यांनीच जोडले.

गावाचं आणि माणसांचं नाव मी लिहिणार नाही. त्यांनी घरात घेतलं, विचारलं त्याचं सरळ उत्तर दिलं. ज्यांच्याकडे उतरलो ते नाना गावचे देवरुषी. साठी ओलांडलेले, हडकुळे, वीस वर्षं मुंबईत मशीद बंदरला माथाडीत काढलेले. बाप गेल्यावर अंगात वारं यायला लागलं म्हणून परत आले. त्यांची धाकटी सून गावची आशाताई, म्हणजे आरोग्य खात्याची गावातली कार्यकर्ती. एकाच घरात फळीवर अंगाऱ्याची वाटी आणि तिच्याच शेजारी ओआरएसची पाकिटं, तापमापी, लोहाच्या गोळ्या.

रात्री नाचणीची भाकरी, काळ्या घेवड्याची आमटी. अंगणात झोपायचं म्हटल्यावर मी आशाताईकडे मच्छरदाणी मागितली. ती हसली नाही. कडा अंथरुणाखाली नीट खोचून दिल्या आणि म्हणाली, "जमिनीवर झोपताना असंच करा म्हणून मी बी सांगते सगळ्यांना."

शनिवार

वरच्या धनगरवाड्यावर झाडपाल्याचं औषध देणारी आजी आहे. दोन तासांची चढण. वाटेत हिरड्याखाली बायका बाळहिरडा वेचत होत्या, कुडा पांढऱ्या फुलांनी लगडलेला. हे सगळं रान आता सह्याद्री व्याघ्र प्रकल्पाच्या अंगाला आहे. २०१० साली कोयना अभयारण्य आणि चांदोली राष्ट्रीय उद्यान मिळून तो झाला. रानात शिरायच्या, तोडायच्या मोकळिकीवर त्यामुळे मर्यादा आल्या, आणि आजीच्या बोलण्यात पहिला विषय तोच निघाला.

आजी गवळी धनगर. हात बघितले की कळतं, या हातांनी हाडं बसवली आहेत. मी पोचले तेव्हा एका पोराचा मुरगळलेला घोटा ती चोळत होती. आधी नुसती बोटं ठेवली, पोराशी त्याच्या म्हशीबद्दल बोलत राहिली, आणि तो उत्तर द्यायला लागल्यावर अंगठा दाबला. पोर कळवळला, पण पाय ओढून घेतला नाही. तिला मी विचारलं, मोडलंय की मुरगळलंय हे कसं ओळखता? म्हणाली, "मोडलं आसंल तर हात लावल्या लावल्या मानूस घामाघूम हुतंय. त्येला म्या काय करीत न्हाय, खाली धाडती."

औषधाचं झाड आदल्या सांजेला जाऊन सांगून ठेवायचं, चार दाणे आणि सुपारी ठेवायची, याला आवतान देणं म्हणतात. कालच तिनं कुड्याला आवतान दिलं होतं. मला बरोबर नेलं. कोयता घेतला नाही. टोकदार दगडानं तळहाताएवढीच साल काढली, एकाच अंगाची; उरलेल्या जखमेवर शेण थापलं आणि त्यावर हात तसाच धरून जरा वेळ उभी राहिली. साल पाट्यावर वाटून ताकातून द्यायची, रक्ती आवेसाठी. पांढऱ्या कुड्याच्या सालीतलं कोनेसीन आवेच्या अमीबावर चालतं, हे औषधशास्त्रानं केव्हाच मान्य केलं आहे. आयुर्वेदातलं कुटजारिष्ट याच सालीचं. आजीला त्याचं अप्रूप नव्हतं. तिच्या सासूची सासूही हेच देत होती.

पुढे ओहोळाच्या कडेला तिनं एक झाड दुरूनच दाखवलं. नरक्या. पान चुरडलं की घाण येते, म्हणून हे नाव. त्याच्यासाठी चोर येतात, मुळासकट नेतात, असं ती रागानं म्हणाली. यात कॅम्प्टोथेसिन असतं. ते पहिल्यांदा वेगळं काढलं १९६६ साली अमेरिकेत, एका चिनी झाडातून, आणि काढणाऱ्या दोघांतले एक, मनसुख वाणी, आपल्या नंदुरबारचे. पुढे आपल्याकडच्या नरक्यातही ते सापडलं. त्यापासून बनलेली औषधं कर्करोगाच्या वॉर्डात मी स्वतः सलाईनमधून लावली आहेत, आणि झाड मात्र साठीला टेकल्यावर बघितलं. मी आजीला हे सगळं सांगितलं. ती झाडाकडे बघत म्हणाली, "आमी ह्येला हात लावत नव्हतो. इखारी म्हनायचो."

काविळीच्या औषधाचं नाव तिनं सांगितलं नाही. सांगितलं की गुण जातो. पैसेही घेत नाही, त्याच कारणानं. मी आग्रह केला नाही. दूषित पाण्यानं होणारी कावीळ बहुतेकदा आपली आपण उतरते, आणि तोपर्यंत तेलकट, दारू बंद करून माणसाला घरी बसवणं हे आजीचं पथ्य चांगलंच आहे. पण एक गोष्ट सांगितल्याशिवाय मला खाली उतरवेना. गरोदर बाईला, विशेषतः शेवटच्या महिन्यांत, तीच कावीळ जीव घेते. तिला एक दिवसही ठेवू नका. आजी थबकली.

"का गं? तीच कावीळ ना?"

"तीच. पण बाळंतपणाच्या तोंडावर यकृत एकाएकी बंद पडतं."

ती बराच वेळ गप्प होती. मग दोन बायकांची नावं घेतली, एक तिच्या माहेरची. कुठल्या साली ते आठवत बसली. "पोरी, ह्ये मला आधी कुनी सांगितलं न्हाय," म्हणाली. आणि उतरताना पुन्हा हाक मारून विचारलं, कितव्या महिन्यापासनं?

रविवार

नाना मंगळवारी, शुक्रवारी आणि रविवारी बसतात. रविवारी गर्दी जास्त. देऊळ गावाबाहेर राईत आहे. या राईतलं वाळकं लाकूडसुद्धा कुणी चुलीला नेत नाही, त्यामुळे बाहेर उघडा डोंगर आणि आत भर दुपारी संधिप्रकाश. पत्र्याखाली शेंदूर लावलेले तांदळे, म्हणजे न घडवलेले देवाचे दगड. मधली जननी, शेजारी वाघजाई.

नाना ओल्या अंगानं येऊन बसले. ढोलावर थाप पडायला लागली, सुरुवातीला सावकाश. धुपाटणं फिरलं. नानांना एकामागून एक जांभया आल्या, मग मांड्या थरथरायला लागल्या, आणि छातीतून एक हुंकार निघाला तसा ढोल जलद झाला. एका बाईनं पुढं होऊन विचारलं, "कोन आलंय?" उत्तर आलं ते नानांच्या रोजच्या आवाजापेक्षा जाड, खालच्या पट्टीतलं. मी नाडी धरायला शिकलेली बाई. त्यांच्या मानेवरची शीर मला दिसत होती, ती खरोखर धावत होती. हे सोंग नव्हतं. यापलीकडे ते काय होतं, हे माझ्या शिक्षणात बसत नाही आणि मी ते बसवायचा प्रयत्नही करणार नाही.

गाऱ्हाणी सुरू झाली. हरवलेला बैल, सुनेचं गर्भारपण, भावकीचा बांध. मग मुंबईहून आलेलं एक कुटुंब पुढं सरकलं. चोविशीतली सून, तिच्या मांडीवर नव्हे, सासूच्या खांद्यावर तीन महिन्यांची मुलगी. दुसरी मुलगी. बाळंतपणापासून सून जेवत नाही, झोपत नाही, बोलत नाही, लेकराला घेत नाही. सासूचं म्हणणं, येताना घाटात गाडी बंद पडली होती, तिथलंच बाहेरचं लागलं.

मला वाटलं आता लिंबू निघणार, केस धरणार, कोण आहेस सांग म्हणून खेळवणार. असं करून अर्धमेली झालेली बाई मी वॉर्डात बघितली आहे. नाना सुनेकडे वळलेच नाहीत. त्या जाड आवाजात सासूला विचारलं, "हिच्या हातचं काम कोन करतंय?"

कुणी बोललं नाही.

"हिला झोप कवा?"

सासू म्हणाली, रात्री लेकरू रडतं, मग सकाळी पाणी भरायचं असतं.

"लेकराचं नाव काय ठिवलं?"

नाव ठेवलेलं नव्हतं. तीन महिने झाले, दुसरी मुलगी म्हणून बारसंच केलं नव्हतं. देवळात इतकी शांतता झाली की ढोलवाल्याचा हातही थांबला. मग हुकूम सुटला: सव्वा महिना चुलीम्होरं बसवायची नाही; माहेरची माणसं बोलवा; आज सांजेला पाळणा बांधा; राती एकटी सोडू नका. "ही बी माझीच लेक हाय. तिला बिननावाची ठिवली म्हनून मी रुसली."

सुनेनं पदर तोंडात धरला आणि रडायला लागली. तीन महिन्यांत पहिल्यांदा, असं तिचा नवरा नंतर म्हणाला. बायका तिच्याभोवती गोळा झाल्या, एकीनं तिची टाच मांडीवर घेतली आणि तेल चोळायला लागली.

बाळंतपणानंतरचं नैराश्य. माझ्या पाठीमागे वह्याच्या वह्या भरतील इतक्या बाया मी बघितल्या. गोळी लिहून मिळते, पंधरा दिवसांनी या म्हणतात. पण सासूला समोर बसवून, गावादेखत, हिला झोपू द्या असं सांगायची ताकद आमच्यात कुणातच नव्हती. आणि आम्ही सांगितलं असतं तरी ऐकलं कुणी असतं?

तरी मला राहवेना. वारं उतरल्यावर नाना घोंगडीवर पाणी पीत बसले होते, तेव्हा मी जवळ जाऊन सांगितलं, हिला डॉक्टरला दाखवायलाच हवं. यातल्या काही बाया विहीर जवळ करतात. नाना माझ्याकडे बघत राहिले. उठले, सासूला बोलावलं, आणि दवाखान्यात न्यावं का म्हणून देवीला कौल लावला. फुलाच्या दोन कळ्या पाण्यात बुडवून तांदळ्याच्या दोन्ही अंगांना चिकटवायच्या. उजवी आधी पडली तर होय. सगळे श्वास धरून बसले. मी हातभर अंतरावर होते. डावी कळी त्यांनी चांगली निथळती लावली होती. उजवी जेमतेम ओली होती.

उजवी पडली.

एका प्रशिक्षणात आम्हाला नेपाळचं उदाहरण सांगितलं होतं. तिथे डोंगरात धामी आणि झांक्री असतात, ढ्यांग्रो नावाचा ढोल वाजवत अंगात आणतात. जुलाब लागलेल्या लेकराला मीठ-साखरेचं पाणी कसं द्यायचं, कुणाला पुढं पाठवायचं हे त्यांनाच शिकवलं गेलं. तेव्हा मला ते पटलं नव्हतं. त्या उजव्या कळीनं पटलं.

सांजेला पाळणा झाला. मुलीचं नाव सुनेनंच सुचवलं, हळू आवाजात.

रात्री ओट्यावर मी नानांना पान लागण्याबद्दल विचारलं. इथे साप चावला असं रात्री म्हणत नाहीत. पान लागलं म्हणतात. नाना म्हणाले, त्यांचा बाप इख उतरवायचा, लांबून लांबून माणसं यायची. "दिवड चावलेलं बरं हुयाचं, धामण चावलेलं बरं हुयाचं. बापाचं नाव झालं. जी गेली त्यास्नी कोन मोजतंय?" दिवड, धामण दोन्ही बिनविषारी. मग त्यांच्या भावाचा पोरगा गेला, घोणस लागून, याच ओट्यावर. त्याला त्यांनी स्वतः सहा तास धरून ठेवला होता. त्यानंतर देवळात पान लागलेल्याला घेत नाहीत. आशाताई कड्याच्या टोकाला जाते, तिथेच फोन लागतो, लाँचवाल्याला उठवते. "अंगारा लावतो की. लाँचमधी बसवून लावतो."

२०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा त्यांना ठाऊक होता. सापाचं, विंचवाचं, कुत्र्याचं विष मंत्रानं उतरवतो म्हणून दवाखान्यात जाण्यापासून अडवणं त्यात गुन्हा आहे. त्या कायद्यासाठी झटलेले डॉ. नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचेच. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांचा खून झाला आणि त्यानंतर काही दिवसांतच वटहुकूम निघाला. आशाताईनं गावात त्याचा कागद वाचून दाखवला होता. नाना म्हणाले, कागद यायच्या आधीच त्यांनी सोडलं होतं, पण कागद आल्यावर दुसऱ्यांना सांगणं सोपं गेलं.

देशात २००० ते २०१९ या वीस वर्षांत सुमारे १२ लाख माणसं सर्पदंशानं गेली, वर्षाला सरासरी ५८ हजार. मी हे आकडे सांगितले. मग आत्याचं सांगितलं. सगळं, पापणी धरून बघण्यापर्यंत.

नानांनी विचारलं, "कोन्या सालाला?"

"शहात्तर. भादव्यात."

"भादव्यात पानी काठोकाठ. त्या सालाला रातची लाँच कुठली, ताई? होडी बी कुनी घातली नसती." बऱ्याच वेळानं म्हणाले, "देवरुशी रातभर बसला व्हता का तिच्यापाशी?"

बसला होता. उजाडेपर्यंत. आत्याचा हात त्याच्या हातात होता, हे मला त्या क्षणी आठवलं. इतकी वर्षं मला त्याची फक्त लिंबं आठवत होती.

सोमवार

परतीला सून, सासू, नवरा आणि बाळ आमच्याबरोबर. निघताना मी घड्याळ लावलं. आशाताईला म्हटलं होतं, तुझ्या दारापासून साताऱ्याच्या दवाखान्यापर्यंत किती वेळ लागतो ते मोजून कळवते.

सहा दहाला घर सोडलं. धक्क्यावर साडेसहा. लाँच तयार होती, सहा चाळीसला सुटली. बामणोली सात पन्नास. जीप अंगणातच होती, पाच मिनिटांत निघालो. दवाखान्याच्या दारात नऊ पंचवीस. सर्पदंशावरची लस वाटेतल्या आरोग्य केंद्रात मिळाली तर पहिला डोस आधी देता येईल. पण मण्यारीनं श्वास थांबला की जे यंत्र लागतं, ते इथवर आल्याशिवाय नाही.

एकूण सव्वातीन तास. दिवसाउजेडी, पाणी शांत, लाँच उभी.

सासूनं केसपेपरच्या खिडकीशी नातीचं नाव स्वतः सांगितलं. सून बाकावर लेकराला मांडीवर घेऊन बसली होती. डॉक्टरांनी आत बोलावेपर्यंत मी त्यांच्याबरोबर थांबले, मग बाहेर येऊन वेळेचा कागद नीट लिहून काढला आणि त्याचा फोटो आशाताईला पाठवला.

तिचं उत्तर रात्री आलं, कड्यावर गेली असणार. "मॅडम, रातचे वीस मिनिट जास्त धरा. लाँचवाल्याला उठवायला लागतं."